काळ्या बोटांचा फोटो

“गुरुजी, एक तरी मत पाडा हो! एकच. मला वर झिरो पाठवता येत नाही.”

फोनवर झोनल साहेब होते. विधानसभेच्या मतदानाचा दिवस, दुपार व्हायला आलेली. मी मुरबाड तालुक्यातल्या एका वाडीवर केंद्राध्यक्ष होतो, म्हणजे त्या मतदान केंद्राचा मुख्य. सकाळपासून आत कुत्रंसुद्धा फिरकलं नव्हतं. माझ्या हाताखाली तीन मतदान अधिकारी, दाराशी एक पोलीस, टेबलावर सीलबंद मशीन. सगळे एकमेकांची तोंडं बघत बसलो होतो.

“साहेब, मत पाडणं माझं काम नाही,” मी म्हटलं. “मत घेणं माझं काम. दार उघडं आहे.”

“तुम्ही शहापूरवाले फार कायदा शिकवता,” ते म्हणाले आणि फोन आपटला.

मी शहापूर तालुक्यातला जिल्हा परिषद शाळेचा मुख्याध्यापक. आता रिटायर झालोय आणि आसनगावात राहतो. नोकरीभर इलेक्शन ड्यूट्या केल्या. दर वेळी तालुका वेगळा, माणसं वेगळी, चहा मात्र तोच पांचट. राग आला नाही अशी एकही ड्यूटी आठवत नाही. पण ह्या ड्यूटीचा राग अजून गेलेला नाही, म्हणून लिहायला बसलोय.

वाडी वैशाखऱ्याच्या पुढे, माळशेजचा रस्ता सोडून आत. सगळी ठाकर आदिवासींची घरं. भात कापून झालं होतं, खळ्यांवर झोडणी चालू होती. आमचं केंद्र वाडीच्या शाळेत होतं. शाळा म्हणायचं आपलं. दोन वर्षांपूर्वी ती बंद केलेली. पट कमी, म्हणजे मुलं मोजकी, म्हणून ती ओढ्यापलीकडच्या मोठ्या शाळेत ‘समायोजित’ केली. समायोजन हा आमच्या खात्याचा गोड शब्द. अर्थ असा, की शाळेला कुलूप लावायचं आणि पोरांना सांगायचं, जा चालत. ओढ्यावर पूल नाही. पावसाळ्यात पोरं घरीच. पावसाळा संपेपर्यंत सवय मोडते, मग ती कायमची घरी.

आदल्या दिवशी दुपारी एसटीने आम्हाला तिथं सोडलं, तेव्हा मला ह्यातलं काही ठाऊक नव्हतं. मला दिसला तो नवा कोरा रॅम्प. सिमेंट अजून ओलसर होतं. अपंग मतदारांसाठी म्हणे. शाळेला रंग दिलेला, पाण्याची टाकी आणून ठेवलेली, संडासाला दार बसवलेलं, खांबावरून वायर ओढून दिवे लावलेले. आयोगाचा नियमच आहे, केंद्रावर किमान सुविधा हव्यात. मी मनात म्हटलं, वा! शाळा झकास ठेवलीय.

तेवढ्यात पोरं आली. अंगात आखूड झालेले युनिफॉर्म, पाठीला दप्तरं. सरळ व्हरांड्यात ओळीने मांडी घालून बसली. त्यांच्या मागून बाया आल्या. पुढे एक वयस्क बाई, हिराबाय. चपट्या नाकाची, काटक, आवाज खणखणीत.

“तुमी मास्तर का रं?” तिनं विचारलं.

“हो. आम्ही चौघंही मास्तरच.”

हिराबाय बायांकडे वळली. “ऐकलं का गो? चार मास्तर आलं एकदम. आमी एकच मागत होतो.”

बाया हसल्या. मला हसू आलं नाही.

“आता आलाव तं शिकवा,” ती म्हणाली. “पोरा बसल्यात.”

आमच्यातला एक जण पोस्टर चिकटवत होता, दुसरा मशीनच्या पेट्या मोजत होता. मी पोरांकडे बघितलं. तिसरीच्या वयाची एक मुलगी पाटी आडवी धरून बसली होती, पेन्सिल तयार. आता मला सांगा, आयुष्यभर मास्तरकी केलेल्या माणसानं तिथं काय करायचं? मी चपला काढल्या आणि बाराचा पाढा सुरू केला. पोरं सहाच्या पाढ्यालाच अडखळत होती. मग सहावर आलो.

सहाचा पाढा अर्ध्यावर असताना झोनल साहेबांची जीप आली. झोनल म्हणजे दहा-बारा केंद्रांवर देखरेख करणारा अधिकारी. एरवी दुसऱ्या कुठल्या तरी खात्यात असतो. हे तरुण होते, इस्त्रीचा शर्ट, हातात दोन मोबाइल.

“हे काय चाललंय? केंद्रावर मुलं?”

“शाळेत मुलं असतात, साहेब.”

“ही शाळा नाही, गुरुजी. शाळा बंद आहे. हे मतदान केंद्र आहे.”

हिराबाय पुढे झाली. “सायेब, आमचा एकच सवाल हाय. मतासाठी शाळा उघडली, लाइट आली, पाणी आलं, चार मास्तर आलं. पोरांसाठी एक मास्तर का येत नाय? तो येस्तोवर वाडीचं मत नाय.”

साहेबांचं उत्तर तयार होतं. “आजी, आत्ता मी काहीच आश्वासन देऊ शकत नाही. आचारसंहिता आहे.”

आचारसंहिता म्हणजे निवडणूक लागल्यापासून निकालापर्यंत सरकारने नवं काही कबूल करायचं नाही, हा नियम. नियम चांगला आहे. मतांसाठी खिरापत वाटू नये म्हणून केलेला. पण हिराबायनं त्याची जी काही उलटतपासणी घेतली!

“गेल्या साली तालुक्याला मोर्चा नेला, तवा म्हणलं निवेदन द्या, बघतो. परत गेलो तं म्हणलं, आता इलेक्शन येल, मंग बघू. इलेक्शन आलं तं म्हणताव आता बोलता येत नाय. आन् इलेक्शन झाल्यावं तुमी येताव का हितं? मंग आमी बोलायचं कवा, ते तरी सांगा!”

साहेब मोबाइलमध्ये बघायला लागले. मी म्हटलं ना, राग. तळपायाची आग मस्तकात गेली माझ्या. बाई बोलत होती त्यात एक अक्षर चुकीचं नव्हतं. ज्या दिवशी सरकारला तुमची गरज असते, त्याच दिवशी सरकारच्या तोंडाला कुलूप असतं. तोंड दाबून बुक्क्यांचा मार दुसरा कुठला?

संध्याकाळी वाडी वाघदेवाच्या दगडापाशी बसली. वाडीच्या कडेला शेंदूर लावलेला एक दगड आहे, महत्त्वाचं जे काही ठरवायचं ते तिथं ठरतं. पाणी आणायला गेलेला आमचा पोलीस बघून आला. बायका-पुरुष सगळ्यांनी दगडापुढे तांदूळ वाहिले आणि ठरवलं, उद्या वाडीत एकाच्याही बोटाला शाई दिसता कामा नये. ज्याच्या बोटाला शाई दिसेल, त्याच्या घरच्या लग्नाला आणि मयताला वाडी जाणार नाही.

शाईच का धरली, ते माझ्या लगेच लक्षात आलं. आत जाऊन कोण कुठलं बटण दाबतो ते बाहेरच्याला दिसत नाही. बोट दिसतं. हिशेब सरळ होता. पण त्यांना एक गोष्ट ठाऊक नव्हती, आणि ती सांगायला मला कोणी विचारलं नाही. केंद्रात शाई आधी लागते आणि बटण नंतर येतं.

तर मतदानाच्या दिवशी दुपारपर्यंत झिरो. झोनल साहेबांचा फोन झाला आणि थोड्या वेळाने त्यांची जीप आली. मागच्या सीटवर एक बाई बसली होती. मंगल, वाडीची अंगणवाडी सेविका. हिराबायची सून.

साहेबांनी मला रॅम्पच्या टोकाला बोलावलं, रेंज फक्त तिथं येत होती. खालच्या आवाजात म्हणाले, “सरकारी माणूस वाडीत ही एकच. हिनं मत दिलं की झिरो फुटला. बहिष्कार मोडला असं कळवता येतं.”

“तिला जबरदस्ती करता तुम्ही?”

“जबरदस्ती कसली? मतदान तिचा हक्क आहे.”

मी जीपपाशी गेलो. मंगल खाली बघत होती. “ताई, तुम्हाला कोणी धमकावलंय का?” मी स्पष्ट विचारलं.

“धमकी नाय सायेब,” ती म्हणाली. “सुपरवायझर मॅडमचा फोन आला. म्हणल्या, तुझ्या अंगणवाडीचा पट पण कमीच हाय. आमी सांभाळून घेतोय. आज तू सांभाळून घे.”

ह्याला धमकी म्हणत नाहीत, म्हणे! हे तर सरळ गळ्यावर सुरी ठेवणं. वाडीत सरकारचं म्हणून जे काही शिल्लक होतं, ते एक अंगणवाडी. लहान पोरांना दुपारचा गरम घास तिथंच मिळतो, लसीची नर्स तिथंच येते. आधी शाळा गेली, आता तीही जाणार. आणि मत द्यावं तर बोटाला शाई, म्हणजे वाडी तुटली. दारात सासू हिराबाय.

“माज्या हितून पोर सहा वर्षांचं झालं का जातं कुटं? घरी,” मंगल म्हणाली. “आता सहाच्या आतली पण घरी बसवायची का मी?”

साहेब मागून म्हणाले, “अगं, नोटा दाब! कोणीच नको असं बटण असतं शेवटी. तुझा निषेध पण झाला आणि मतदान पण झालं.”

नोटाचं जरा सांगतो. मशीनवर शेवटचं बटण असतं, ‘वरीलपैकी कोणीही नाही’. लोकांना वाटतं, हे विरोधाचं बटण. असेल. पण ते दाबलं की तुमचं मत मोजलं जातं, टक्केवारीत धरलं जातं. भांडायचं तेसुद्धा त्यांनी आखून दिलेल्या चौकोनात. घरात येऊ नका म्हणणाऱ्याला सांगायचं, आत ये, पाटावर बस आणि मग जेवत नाही म्हण.

मंगल आत आली. केंद्राभोवती आखलेल्या शंभर मीटरच्या खुणेबाहेर वाडी उभी होती. कोणी ओरडलं नाही. हिराबायनं फक्त पदर डोक्यावरून पुढे ओढला.

पहिल्या अधिकाऱ्याने यादीत नाव शोधलं. दुसऱ्याने रजिस्टरवर सही घेतली आणि डाव्या हाताच्या बोटाला शाई लावली. मंगल त्या काळ्या रेघेकडे बघत राहिली. बोट तिनं साडीला पुसलं. ती शाई पुसली जात नाही.

तिसऱ्या टेबलावरचा अधिकारी मत देण्यासाठी मशीन चालू करतो. त्याचा हात बटणाकडे गेला, तोच मंगल माझ्याकडे वळली.

“गुरुजी, नाय दाबलं तं?”

दारातून साहेब म्हणाले, “अहो, आटपा.”

मी उभा राहिलो. “साहेब, मतदार केंद्राध्यक्षाशी बोलतोय. तुम्ही थांबा.” मग तिला म्हणालो, “नाही दाबलं तर नियमात बसतं. मत द्यायला नकार दिला, असा शेरा मी रजिस्टरवर लिहीन. त्याखाली तुम्ही सही करायची. कोणी काही करू शकत नाही.”

“मग लिवा.”

मी लिहिलं. तिनं सही केली, मोठ्या अक्षरात, पूर्ण नाव. मशीनला हात न लावता ती बाहेर गेली. साहेब तोवर रेंजसाठी रॅम्पच्या टोकाला गेले होते, आतलं त्यांना दिसलं नव्हतं. त्यांनी तिच्या बोटाची शाई बघितली आणि मोबाइलवर मेसेज टाकला. “मतदान सुरू. बहिष्कार मागे.” मला दाखवलासुद्धा, हसत.

“साहेब, तिनं मत दिलेलं नाही.”

“रजिस्टरला सही आहे ना? शाई लागली ना? झालं तर!”

जीप धुरळा उडवत गेली.

खुणेबाहेर काय झालं ते मला खिडकीतून दिसत होतं. मंगल काही तरी सांगत होती, हात हलवून. लोक तिच्या तोंडाकडे बघत नव्हते, बोटाकडे बघत होते. एकेक करून माणसं पाठ फिरवून खळ्यावर गेली. हिराबाय शेवटी गेली. मंगल अंगणवाडीच्या पायरीवर जाऊन बसली आणि संध्याकाळपर्यंत तिथून हलली नाही. तिला पाणी द्यायला कोणी गेलं नाही. आमच्या पोलिसाने तांब्या नेऊन दिला.

माझं डोकं सणकलं होतं. चूक कोणाची? शाईवर ठरवणाऱ्या वाडीची? शाई बघून मेसेज पाठवणाऱ्या साहेबाची? दोघांनी एकच गोष्ट बघितली, बोट. पण साहेबांना ते बघून बढती मिळणार होती आणि मंगलला वाळीत टाकणार होते.

सहा वाजले. मतदान संपलं की केंद्राध्यक्षाने मशीनचं क्लोज बटण दाबायचं. मग एकूण किती मतं पडली तो आकडा दिसतो. कोणाला किती, ते नाही; फक्त एकूण. तो उमेदवारांच्या प्रतिनिधींना सांगायचा असतो. इथं प्रतिनिधी आलेच नव्हते, ते पण वाडीचेच, बहिष्कारात. झोनल साहेब मात्र हजर होते, पेट्या न्यायला.

मी क्लोज दाबलं. आकडा आला.

मी उठून व्हरांड्यात गेलो. माझा आवाज शाळेच्या मैदानावर घडलेला आहे, माइक लागत नाही. वाडीकडे तोंड केलं आणि प्रार्थनेला देतो तशी हाक दिली.

“ऐका हो! ह्या केंद्रावर एकूण मतं पडली, शून्य! मंगलताईंनी मत दिलेलं नाही! शून्य!”

साहेबांचा चेहरा पांढरा पडला. “गुरुजी, हे काय करताय? हे असं जाहीर करता येत नाही!”

“प्रतिनिधींना सांगायचं असतं. ते तिकडे खळ्यावर आहेत, म्हणून मोठ्याने सांगितलं.”

झोडणीचे आवाज थांबले. माणसं परत गोळा झाली. हिराबाय पुढे आली, अंगणवाडीच्या पायरीपाशी थांबली, मंगलचं बोट हातात धरून बघितलं.

“मंग ही शाई कशी गो?”

“ती आदी लावत्यात, आत्या. बटन मागनं.”

मागून कोणी तरी पुरुष म्हणाला, “पण वाघदेवाम्होरं बोट ठरलं व्हतं. शाई ती शाई.”

“गप रे!” हिराबाय त्याच्यावर उसळली. “तुला अक्कल नव्हती तवा ठरवताना? मला पण नव्हती.” आणि तरातरा घरात गेली.

बाहेर आली ती चुलीवरचा तवा घेऊन. त्याचं बूड काजळीने माखलेलं. तिनं आपल्या डाव्या हाताचं बोट त्यावर घासलं आणि वर धरलं. “आता सांग, शाई कोणाची आन् काजळी कोणाची? वाडीतून तोड मला पण.” मग तवा शेजारणीपुढे धरला. शेजारणीने बोट घासलं. तवा फिरत गेला. आधी बाया, मग म्हातारे, मग तो शाई-शाई करणारा पण. मंगल रडत होती आणि हसतही होती. मलाही राहवलं नाही, मी चष्मा पुसत आत गेलो.

बाहेर आलो तेव्हा बाया रॅम्पवर ओळीने उभ्या होत्या. बोटं वर, नजरा जळजळीत, साहेबांच्या नाकासमोर. साहेबांनी क्षणभर बघितलं. मग मोबाइल वर केला.

“छान! अशीच वर धरा. सगळ्या या इकडे.”

त्या बायांना वाटलं, आपला राग वर पोचवतोय. त्यांनी बोटं अजून उंच केली.

दोन दिवसांनी आसनगाव स्टेशनवर पेपर घेतला. आतल्या पानावर तोच फोटो. हिराबाय मधोमध, शेजारी मंगल. खाली ओळ होती, ‘दुर्गम वाडीतही मतदानाचा उत्साह, महिलांनी अभिमानाने दाखवली शाई’. फोटोत काळं ते काळं. काजळी आहे का शाई, कोण बघायला बसलंय? मी तो पेपर तिथंच चुरगळला. शेजारचा माणूस दचकला. मग परत उलगडून पिशवीत ठेवला, कारण पुढेमागे कोणी मला खोटं म्हणेल.

मी पेपरला पत्र पाठवलं, छापलं नाही. केंद्राच्या डायरीत सगळं लिहून दिलं होतं, मंगलच्या नकारासकट. त्याचं पुढे काय झालं ते कोणी मला कळवलं नाही. मला मात्र कारणे दाखवा नोटीस आली, आकडा बाहेर ओरडून सांगितल्याबद्दल. मी उत्तर दिलं, ‘मास्तर आहे. मोठ्याने वाचायची सवय आहे.’ पुढे काही झालं नाही.

अंगणवाडी वाचली. का वाचली, तर फोटो साहेबांच्या वरच्या साहेबांना आवडला म्हणे, आणि सुपरवायझर मॅडमनी पटाचा विषय मागे ठेवला. म्हणजे खरं सांगून काही मिळालं नाही, खोट्याने तेवढं वाचलं. हे लिहितानाही माझे दात आवळले जातात.

शाळा उघडली नाही. मास्तर आला नाही. पण शून्य मतदानाची नोंद कुठे तरी घेतली गेली असावी. कारण नंतर केंद्रांची फेररचना झाली, तेव्हा ‘अल्प मतदान’ असं कारण देऊन वाडीचं केंद्र बंद केलं आणि ओढ्यापलीकडच्या शाळेत जोडलं. पोरांचं केलं तेच मतदारांचं केलं. समायोजन.

गेल्या वर्षी, पुढची निवडणूक होऊन गेल्यावर, ओतूरला लग्नाला चाललो होतो, वाटेत वैशाखऱ्याला उतरून वाडीवर गेलो. शाळेला कुलूप होतं. दिव्यांची वायर काढून नेलेली, टाकी नेलेली. रॅम्प तेवढा नेता आला नाही, म्हणून राहिला होता. त्यावरून पोरं गोणपाटावर बसून घसरत होती. हिराबायनं मला ओळखलं. मंगल अंगणवाडीतून चहा घेऊन आली. तिचं बोट केव्हाच स्वच्छ झालं होतं.

मी विचारलं, “मग ह्या वेळी काय केलंत? मत दिलंत?”

“मत कसलं, मास्तर?” हिराबाय म्हणाली. “नाय दिलं. पण घरी बसून नाय दिलं तं कोनाला कळतंय? शाळा तिकडं, पेटी तिकडं, सायेब तिकडं. मग समदी ओढा उतरून गेलो, दिसभर त्यांच्या दारात बसलो आन् मत न देता परत आलो. आता बहिष्कार घालाया पण लांब जावं लागतंय.”